पान्याचा दिवा

नाशिकला राहणाऱ्या माणसाला पाहुण्यांची वाण कधी पडत नाही. कोणी त्र्यंबकला जायचे म्हणून येतो, कोणी शिर्डीच्या वाटेवर उतरतो, तर कोणी द्राक्षांच्या दिवसांत सहज म्हणून डोकावतो आणि जाताना चिवड्याचे चार पुडे घेऊन जातो. या मंडळींना रामकुंड, काळाराम, सीतागुंफा आणि पांडवलेणी दाखवण्यात माझे कित्येक रविवार गेले आहेत. परंतु आणखी एक नाशिक आहे. ते मी कोणाला कधी दाखवले नाही. कारण तीन वर्षांपूर्वीपर्यंत मीच ते पाहिले नव्हते.

हे नाशिक सातपूरचे आणि अंबडचे. १९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि पुढे त्र्यंबकच्या वाटेवर सातपूरला, मग मुंबईच्या वाटेवर अंबडला कारखान्यांची वस्ती उठली. डिझेल इंजिनात इंधनाचा फवारा सोडणारी नोझले इथल्या मायकोत बनू लागली. मायकोचे आता बॉश झाले, पण त्र्यंबक रस्त्यावरचा चौक अजून मायको सर्कलच आहे. २००२ साली रस्त्यावर आलेली महिंद्राची स्कॉर्पिओ याच गावच्या कारखान्यातून बाहेर पडली. तेव्हा ज्या घरात कोणी कधी पाना धरला नाही, असे घर या गावात सापडणे तसे अवघडच. आमचे घर मात्र तसे होते. मी मराठीचा प्राध्यापक. ‘पान’ या शब्दाचे सामान्यरूप ‘पाना’ होते, एवढाच काय तो माझा आणि पान्याचा संबंध!

तो वाढला एका दिव्यामुळे.

आमची गाडी लहानशीच आहे. चार माणसे आणि फराळाचे डबे मावतील एवढी. तीन वर्षांपूर्वी ती पाच वर्षांची होती आणि तिच्या वॉरंटीची मुदत संपली होती. त्या श्रावणात किल्ली फिरवली की समोर वेग दाखवणाऱ्या काट्याशेजारी एक पिवळा पाना लुकलुकू लागला. दहा हजार किलोमीटर किंवा एक वर्ष, यांतले जे आधी भरेल ते भरले, आता गाडी सर्व्हिसिंगला टाका, असा त्याचा अर्थ. मी ‘उद्या’ म्हटले. मग पेपर तपासायला आले. मग गणपती जवळ आले. पाना आपला रोज सकाळी, उधारी मागायला आलेल्या वाण्यासारखा, समोर उभा!

एके दिवशी मुलीने डॅशबोर्डच्या कप्प्यातले पुस्तक काढले आणि म्हणाली, “बाबा, हा दिवा घालवता येतो. किल्ली बंद असताना ही किलोमीटर मोजायची खुंटी दाबून धरायची, तशीच धरून किल्ली फिरवायची आणि दहाएक सेकंद सोडायची नाही.” मी तसे केले. पाना चार वेळा लुकलुकला आणि नाहीसा झाला. त्याच्या जागी १०००० हा आकडा क्षणभर दिसला. माझी गाडी जणू काही त्या घटकेला कारखान्यातून न्हाऊनमाखून आली होती.

“सर्व्हिसिंगच्या आधी नका हं दाबू, असं लिहिलंय,” मुलगी पुढचे वाक्य वाचू लागली. पण तोवर मी दाबून मोकळा झालो होतो.

संध्याकाळी सौ. गाडीत बसली आणि म्हणाली, “दिवा गेला वाटतं? झालं का काम?”

“हो, झालं,” मी म्हणालो.

खोटे बोलायला माणसाला फार शब्द लागत नाहीत, हे भाषेच्या प्राध्यापकाला त्या दिवशी कळले.

त्या वर्षी भाऊबीजेला आम्ही ठाण्याला बहिणीकडे गेलो. आई बरोबर होती. दुसऱ्या दिवशी दुपारी परत निघालो. आता २०२५ सालापासून समृद्धी महामार्गाचा शेवटचा टप्पा खुला झाला आहे आणि बोगद्यातून इगतपुरीला वर येता येते. तेव्हा मात्र कसारा घाट चढण्यावाचून गत्यंतर नव्हते. हा घाट साधा नाही. शेजारच्या आगगाडीच्या मार्गाचा चढ सदतीसास एक आहे. तिथे कसाऱ्याला गाडीला जादा इंजिने जोडावी लागतात, तेव्हा ती इगतपुरी गाठते. आम्हाला जोडायला कोणी नव्हते. पुढे एक टँकर गोगलगाईसारखा चालला होता, मी दुसऱ्या गियरमध्ये होतो आणि आई मागे देवीचे नाव घेत होती.

एका वळणावर सौ. म्हणाली, “अहो, हे पणतीसारखं काय लागलंय तांबडं?”

मी पाहिले. खरेच पणतीसारखे चिन्ह होते. चोच असलेली लहानशी तेलाची झारी आणि तिच्या टोकाशी एक थेंब. वळण संपले तसा तो दिवा गेला. पुढच्या वळणावर पुन्हा लागला. मी म्हणालो, “दिवाळीच आहे, लागू दे!” कोणी हसले नाही. घाटमाथा जवळ आला तेव्हा दिवा लागला तो लागूनच राहिला आणि इंजिनातून टकटक असा आवाज येऊ लागला. रस्त्याच्या कडेला सपाट जागा पाहून मी गाडी थांबवली आणि किल्ली काढून घेतली. त्या सबंध दिवसात मी केलेले शहाणपणाचे काम ते एवढेच.

मागून एक ट्रक येऊन थांबला. चालक मालेगावकडचा होता. त्याने पाच-दहा मिनिटे थांबायला लावले, मग बॉनेट उघडले, तेलाची पट्टी बाहेर काढली, फडक्याने पुसली, पुन्हा आत घालून काढली आणि माझ्यासमोर धरली. पट्टी कोरडी होती. अगदी टोकाला डांबरासारखा एक काळा ठिपका होता.

“साहेब, तेल कधी बदललं होतं?”

मी काही बोलण्याच्या आत सौ. म्हणाली, “श्रावणात. सर्व्हिसिंग झालंय की!”

चालकाने तो ठिपका दोन बोटांत चोळला, एकदा तिच्याकडे पाहिले, एकदा माझ्याकडे पाहिले. “ताई, हे श्रावणातलं नाही. असलं तर मागच्या श्रावणातलं,” तो म्हणाला आणि आपल्या ट्रककडे वळला. त्याच्याकडे तेलाचा डबा होता. त्यातले त्याने बेताबेताने आमच्या इंजिनात ओतले. ट्रकचे तेल आमच्या गाडीचे नव्हे, परंतु कोरड्या इंजिनापेक्षा ते बरे. पैसे त्याने घेतले ते तेलाच्या किमतीइतकेच. जाताना म्हणाला, “पिवळा दिवा लागला तर घरी जा, मग बघा. लाल लागला तर जागेवर थांबा.”

गाडी सुरू झाली. पणती लागली नाही. घोटी येईपर्यंत गाडीत कोणी शब्द बोलले नाही. मग मागून आई म्हणाली, “दिवा विझवलास रे. शांत नाही केलास.”

जुन्या घरांतून वाढलेल्या वाचकांना हे वाक्य समजावून सांगायला नको. आमच्या घरी दिवा विझवला असे कोणी म्हणत नसे. देवापुढची समई ‘शांत करायची’, कंदिलाला ‘निरोप द्यायचा’. मी लहानपणी एकदा फुंकर घातली तर आईने पाठीत धपाटा घातला होता. इतकी वर्षे मी ते अशुभ टाळण्याचे बोलणे समजत होतो. घोटीजवळ मला त्यातला अर्थभेद कळला. दिव्याचे काम पुरे झाले म्हणजे तो शांत होतो. काम तसेच टाकून त्याला गप्प केला, तर तो विझतो. मी पिवळा दिवा विझवला होता, म्हणून लाल दिवा लागला.

नाशिकला पोहोचल्यावर मी शेजारच्या अण्णांकडे गेलो. सातपूरच्या एका कारखान्यात उभी हयात काढून निवृत्त झालेले हे गृहस्थ. मी सगळे सांगितले. खोटे बोललो तेही सांगितले. अण्णा हसले नाहीत. म्हणाले, “सर, त्या पिवळ्या पान्याला तेलातलं काही कळत नाही. तो डोळे मिटून किलोमीटर आणि दिवस मोजतो, बस. तुम्ही उद्या नवं कोरं तेल घातलंत तरी तो सांगितल्याशिवाय विझायचा नाही. आणि तेल न घालता सांगितलंत, तरी तो खरं मानायचा. तुमच्या शब्दावर चालणारं यंत्र आहे ते.”

आणि लाल पणती? ती कोणाच्या शब्दावर चालत नाही. इंजिनातल्या तेलाचा दाब घसरला की ती लागते. घाटाच्या चढावर आणि वळणांवर उरलेसुरले तेल एका बाजूला सरके, पंपाच्या तोंडाशी तेलाऐवजी हवा येई, म्हणून ती आधी लुकलुकली. ती कोणतीही खुंटी दाबून जात नाही आणि कोणी तसा प्रयत्नही करू नये.

हा मोजणारा दिवा आजचा नाही. १९८०च्या दशकात बीएमडब्ल्यूच्या मोटारींत हिरव्या दिव्यांची ओळ असे. सर्व्हिसिंग जवळ येई तसतसा एकेक हिरवा कमी होई, मग पिवळा लागे, शेवटी लाल. ती ओळ पूर्ववत करायला वेगळे हत्यार लागे. पुढे जनरल मोटर्सने इंजिनाचे फेरे आणि उष्णता यांवरून तेलाचे उरलेले आयुष्य काढणारे गणित बसवले. आज कुठल्या गाडीत आमच्यासारखी खुंटी असते, कुठल्या गाडीत सुकाणूवरच्या बटणांनी यादी उघडून दिवा काढावा लागतो, तर काही गाड्यांना डॅशबोर्डखालच्या खोबणीत स्कॅनर लावल्याशिवाय पटत नाही. आपल्या गाडीची रीत तिच्या पुस्तकात असते. पण गणित कितीही बारीक असले, तरी साध्या दिव्याला आपण तेल बदलले की नाही हे ठाऊक नसते. ते त्याला माणसानेच सांगायचे.

“मग रविवारी या,” अण्णा म्हणाले, “आपण दोघं करू. एकदा स्वतः केलंत म्हणजे पुन्हा खोटं बोलवणार नाही.”

त्या रात्री मी माळ्यावरची ट्रंक काढली. तिच्यात वडिलांची वही होती. वडिलांकडे बजाजची चेतक होती. तिला दिवेबिवे कसले! सुरू व्हायची नाही तेव्हा ते तिला एका बाजूला कलती करत, प्लग काढून घासत, पेट्रोलमध्ये ऑइल मोजून घालत. आणि प्रत्येक वेळी वहीत एक ओळ लिहीत: तारीख, किलोमीटर, काय केले, किती पैसे लागले. लहानपणी मला ती वही कंजूषपणाची वाटे. आता वाटले, पान्याचा दिवा हा त्या वहीचाच वारस. वारसाने मोजायचे तेवढे उचलले आणि लिहायचे सोडून दिले.

रविवारी आधी द्वारकेकडे गेलो. एरवी द्वारका म्हणजे वाहनांच्या गर्दीत अडकून घामाघूम होण्याची जागा. त्या दिवशी मी तिथल्या एका सुट्या भागांच्या दुकानात उभा होतो आणि दुकानदार विचारत होता, “मॉडेल? साल? पेट्रोल का?” पुस्तकात लिहिलेल्या प्रतीचे तेल, तेलाचा फिल्टर आणि तळच्या बोल्टाचा नवा वायसर एवढे घेतले. अण्णांनी डब्यावरचे सील आणि फिल्टरचा खोका उलटसुलट करून पाहिला. आमच्या सौ.ला पैठणी पारखताना मी पाहिले आहे, तीच नजर!

तिथून अंबडला. अण्णांच्या पुतण्याचे तिथे छोटेसे गॅरेज आहे आणि त्यात गाडीखाली उभे राहून काम करण्यासाठी बांधलेला खड्डा आहे. “नुसत्या जॅकवर चढवलेल्या गाडीखाली कधी शिरायचं नाही,” हा अण्णांचा पहिला धडा. रविवार असल्याने कारखान्यांची धडधड बंद होती. समोर पांडवलेण्यांचा डोंगर स्वच्छ दिसत होता. मी खड्ड्यात उतरलो आणि वर पाहिले. पाच वर्षे जिच्यात बसलो, तिचे पोट मी प्रथमच पाहत होतो.

तेल कोमट असावे, म्हणजे सहज वाहते. फार तापलेले असले तर हात भाजतो. बोल्ट सैल केला आणि काळ्या तेलाची धार खालच्या घमेल्यात पडू लागली. फार पडली नाही. आमच्या गाडीत तीन लिटरांच्या आसपास तेल असायला हवे, त्यातले निम्मेही नव्हते, आणि होते त्यात काही त्या ट्रकवाल्याचे होते. ती धार थांबेपर्यंत मी आणि अण्णा दोघेही गप्प होतो. मग जुना फिल्टर काढला. नव्याच्या रबराला नव्या तेलाचे बोट लावले आणि तो हातानेच आवळला. बोल्टाला नवा वायसर घालून तो नेटाने पण बेताने बसवला; जोर जास्त झाला की आटे जातात. वरून मधासारखे नवे तेल ओतले. गाडी दोन मिनिटे चालवली, बंद केली, खाली कुठे ठिबकत नाही ना हे पाहिले, थोडे थांबून पट्टी पुन्हा काढली. तेल पट्टीवरच्या दोन खुणांच्या मध्ये, वरच्या खुणेजवळ होते.

मी लगेच गाडीत बसून खुंटीकडे हात नेला. अण्णांनी काचेवर टकटक केले.

“आधी वही,” ते म्हणाले.

मी वडिलांच्या वहीचे पुढचे कोरे पान काढले. शेवटची ओळ चेतकची होती, वडिलांच्या हातची. तिच्याखाली मी तारीख, किलोमीटर, तेल, फिल्टर, वायसर आणि खर्च लिहिला. अण्णांनी सही मागितली. एक ओळ लिहायला मला एवढा वेळ कधी लागला नव्हता. मग खुंटी दाबून किल्ली फिरवली. १०००० पुरे व्हायला अजून अवकाश होता, त्यामुळे दिवा लागलेला नव्हताच; पण श्रावणातली माझी खोटी मोजणी पुसली गेली आणि त्या दिवसापासून खरी मोजणी सुरू झाली.

हात धुताना समोरच्या डोंगराकडे लक्ष गेले. पाहुण्यांना तिथे नेतो तेव्हा मी उषवदाताचा शिलालेख दाखवतो. क्षत्रप नहपानाचा हा जावई. सुमारे १९०० वर्षांपूर्वी त्याने भिक्षूंना लेणे दिले आणि तो तेवढ्यावर थांबला नाही. ३००० कार्षापण त्याने गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणींकडे कायमचे ठेवले; २००० दरमहा शेकडा एक व्याजाने आणि १००० शेकडा पाऊण व्याजाने. त्या व्याजातून लेण्यात राहणाऱ्या भिक्षूंच्या वस्त्रांची आणि इतर गरजांची सोय व्हायची होती. गोवर्धन गाव आजही गंगापूरजवळ आहे. लेणे कोरणे ही एकदाची गोष्ट. त्याची निगा ही दरसालची. ती दरसालची गोष्ट त्या माणसाने खडकावर लिहून ठेवली. वर्षानुवर्षे मी हा लेख पाहुण्यांना वाचून दाखवत होतो आणि मला त्यातले काही कळले नव्हते.

राहता राहिले घमेल्यातले काळे तेल. मी विचारले, “हे गटारात...?” अण्णांनी माझ्याकडे असे पाहिले, की वाक्य पुरे झाले नाही. एका मोटारीचे जुने तेल दहा लाख गॅलन गोडे पाणी बिघडवू शकते, असे अमेरिकेची सरकारी पर्यावरण संस्था सांगते. आपल्याकडेही २०१६च्या नियमांप्रमाणे वापरलेले तेल हा घातक कचरा ठरतो. आणि नाशिकचे गटार शेवटी कुठे जाते हे काय सांगायला हवे? गोदामाईत सिंहस्थाला डुबकी मारायची आणि रविवारी तिच्यात इंजिनचे तेल सोडायचे, हा काही धर्म नव्हे. ते तेल नव्या तेलाच्या रिकाम्या डब्यात भरले आणि गॅरेजच्या पिंपात ओतले. तिथून परवाना असलेला माणूस ते शुद्धीकरणासाठी घेऊन जातो.

घरी आल्यावर मी वही सौ.पुढे ठेवली. तिने ओळ वाचली, वरची वडिलांची अक्षरे पाहिली आणि म्हणाली, “आता विचारायचं तर वहीला विचारीन, तुम्हाला नाही.” हा टोमणा होता की माफी, हे मी अजून ठरवलेले नाही.

त्याला आता तीन वर्षे झाली. दर नवरात्रात आम्ही खड्ड्यात उतरतो, म्हणजे दसऱ्याला झेंडूची माळ घालताना गाडीपुढे मान वर करून उभे राहता येते. सगळे घरी होत नाही. ब्रेक आणि सुकाणू तपासायला मी गाडी जाणत्या माणसाकडेच नेतो, आणि ज्यांच्या गाडीची वॉरंटी चालू आहे त्यांनी कंपनीच्या वर्कशॉपात जाऊन पावत्या जपून ठेवाव्यात हे उत्तम. पण वहीत आता माझ्या हातच्या तीन ओळी आहेत. यंदाची ओळ मुलीने लिहिली. खुंटीही तिनेच दाबली, आणि दाबण्यापूर्वी पट्टी काढून मला दाखवली.

पाना लुकलुकला आणि गेला. आई ओट्यावर बसून पाहत होती. तिने विचारले, “विझला?”

“नाही आजी,” मुलगी म्हणाली, “शांत झाला.”

यंदा भाऊबीजेला पुन्हा ठाण्याला जायचे आहे. बोगद्यातून लवकर पोहोचता येते असे सगळे सांगतात. पण येताना मी कसाऱ्याच्या जुन्या घाटानेच यायचे ठरवले आहे. घाटनदेवीपाशी क्षणभर थांबायचे आहे. आणि एखादा ट्रक तिथे अडलेला दिसलाच, तर आमच्या डिकीत तेलाचा एक डबा आहे.